‘मज पाप्यावर दया कर’: नम्रतेने आणि देवाच्या दयेवर विसंबून प्रार्थना कशी करावी

बरीच वर्षे मी माझ्या प्रार्थना एका वहीत लिहीत असे. पुढे कधीतरी ती वही निवांत चाळताना एक गोष्ट ध्यानात आली आणि थोडी लाजही वाटली. जवळजवळ प्रत्येक पापांगीकारात एक ‘पण’ होता. ‘प्रभू, आज मी घरच्यांवर ओरडलो, पण दिवसभर डोके तापलेले होते.’ ‘प्रभू, मी खोटे बोललो, पण खरे सांगितले असते तर उगाच भांडण झाले असते.’ या प्रार्थनांत आरोपीही मीच होतो आणि त्याचा वकीलही मीच. देवाने फक्त निकालावर सही करायची होती. मधूनमधून वेगळ्या सुराची पानेही होती. त्यांवर ‘मी कशाच्याच लायकीचा नाही’ असे ओळीमागून ओळ लिहिलेले होते, आणि अशा पानानंतर वही कित्येक दिवस कोरी होती. पहिल्या प्रकारात मी स्वतःची बाजू मांडत होतो, दुसऱ्या प्रकारात स्वतःला झोडपत होतो, आणि दोन्हींत नजर माझ्यावरच खिळलेली होती.

ख्रिस्ती प्रार्थनेतली नम्रता या दोन्हींहून निराळी आहे. आपल्याविषयी जे खरे आहे ते देवासमोर न फुगवता आणि न लपवता बोलणे म्हणजे नम्रता. आणि तसे बोलण्याचे बळ येते ते ऐकणारा दयाळू आहे या भरवशातून. म्हणून नम्रता आणि दयेवरचा विश्वास हे तराजूच्या दोन पारड्यांत समतोल राखण्याचे दोन सद्गुण आहेत, असे मला वाटत नाही. भरवसा नसेल तर खरे बोलण्याची छाती होत नाही, आणि खरे बोललेच नाही तर दया कशावर व्हायची, हा प्रश्न उरतो. पुढे ज्या पायऱ्या दिल्या आहेत त्या याच समजुतीवर उभ्या आहेत. रोजच्या वैयक्तिक प्रार्थनेसाठी पंधरा-वीस मिनिटे काढणाऱ्या कोणालाही, मग तो कोणत्याही मंडळीचा असो, त्या वापरता येतील.

सुरुवातीआधी: जकातदाराजवळ थोडा वेळ

लूककृत शुभवर्तमानाच्या 18व्या अध्यायातला परूशी आणि जकातदाराचा दाखला बहुतेकांना पाठ असतो, आणि पाठ असल्यामुळेच त्यातले बारकावे निसटतात. दोन माणसे मंदिरात प्रार्थनेला जातात: एक परूशी, म्हणजे नियमशास्त्र काटेकोर पाळणाऱ्या यहूदी पंथातला, आणि दुसरा जकातदार, म्हणजे लोकांनी पापी ठरवलेला करवसुलीदार; नीतिमान ठरून घरी जातो तो जकातदार. दाखल्याआधीचे 9वे वचन पाहावे. आपण नीतिमान आहोत असा ज्यांचा स्वतःवर भरवसा होता आणि जे इतरांना तुच्छ मानत होते, त्यांना येशूने हा दाखला सांगितला, असे लूक लिहितो. म्हणजे दाखल्याचा विषय केवळ गर्विष्ठ स्वर हा नाही. भरवसा कोठे ठेवला आहे, हा आहे.

परूशी खोटे बोलत नाही. नियमशास्त्राप्रमाणे वर्षातून एकच उपास, प्रायश्चित्ताच्या दिवसाचा, बंधनकारक होता. हा मनुष्य आठवड्यातून दोनदा उपास करतो आणि सगळ्या मिळकतीचा दशांश देतो. तो देवाचे आभारही मानतो. तरीही मूळ ग्रीक मजकुरात त्याच्या प्रार्थनेत पाच क्रियापदे आहेत, आणि पाचही प्रथमपुरुषी एकवचनी आहेत: मी आभार मानतो, मी तसा नाही, मी उपास करतो, मी देतो, मी मिळवतो. देवाचे नाव घेतले आहे, पण देवाला करण्यासारखे काही ठेवलेलेच नाही.

जकातदार दूर उभा राहतो, वर पाहायला धजत नाही, ऊर बडवतो आणि म्हणतो, ‘हे देवा, मज पाप्यावर दया कर.’ त्याच्या वाक्यात एकच क्रियापद आहे आणि त्याचा कर्ता देव आहे. हे क्रियापदही साधे नाही. याच अध्यायात पुढे यरीहोजवळचा आंधळा ‘माझ्यावर दया करा’ असे ओरडतो, तेव्हा लूक ‘एलेइसोन’ हा नेहमीचा शब्द वापरतो. जकातदाराच्या तोंडी मात्र ‘हिलास्थेटी’ आहे, म्हणजे प्रायश्चित्ताशी जोडलेली दया. मंदिरातल्या कराराच्या कोशाचे, म्हणजे देवाच्या आज्ञांच्या पाट्या ठेवलेल्या पेटीचे, झाकण असलेले जे दयासन, जेथे वर्षातून एकदा प्रायश्चित्ताचे रक्त शिंपडले जाई, त्याचे ग्रीक नाव याच धातूपासून आलेले आहे, आणि रोमकरांस पत्राच्या 3ऱ्या अध्यायात पौल तोच शब्द ख्रिस्ताविषयी योजतो. तेव्हा जकातदार ‘माझी कीव कर’ एवढेच म्हणत नाही. पाप झाकण्याची आणि दूर करण्याची जी व्यवस्था देवाने स्वतः केली आहे तिच्यात मलाही घे, अशी त्याची मागणी आहे. प्रार्थनेतली दया म्हणजे देवाने डोळेझाक करणे, हा समज येथेच सोडून द्यावा.

पहिली पायरी: बसणे

यावर फार लिहिण्यासारखे नाही. येशूने मत्तयाच्या 6व्या अध्यायात ‘आपल्या खोलीत जा आणि दार लाव’ असे सांगितले, तेथला ग्रीक शब्द घरातल्या कोठीच्या खोलीसाठीही वापरला जाई. म्हणजे जागा देखणी असावी अशी अट नाही, कोणी पाहत नसावे एवढेच पुरे. शरीराच्या स्थितीचेही तसेच. जकातदार उभा होता, गेथशेमाने बागेत येशू पालथा पडला, गुडघे टेकणे प्रेषितांच्या कृत्यांत अनेकदा दिसते. ज्या स्थितीत झोप येणार नाही आणि आपण कोणासमोर आहोत याचे भान राहील ती घ्यावी. फोन दुसऱ्या खोलीत ठेवावा. मग एक-दोन मिनिटे काहीच बोलू नये. तीनच वचनांचे 131वे स्तोत्र या शांततेसाठी चांगले आहे; त्यात दूध तुटलेले मूल आईजवळ काही न मागता शांत बसलेले आहे.

दुसरी पायरी: स्वतःपासून नव्हे, देवाच्या दयेपासून आरंभ

नम्रता म्हटली की थेट पापांगीकाराला हात घालण्याची सवय अनेकांना असते. माझ्या अनुभवात ही सवय घातक ठरते, कारण दयेची आठवण होण्याआधीच दोषांची यादी सुरू झाली की मन बचावाला उभे राहते किंवा खचते. दानियेलाने 9व्या अध्यायात राष्ट्राच्या वतीने केलेली प्रार्थना करार पाळणाऱ्या आणि दया करणाऱ्या देवाचे नाव घेऊन सुरू होते. दावीद राजाने दुसऱ्याची पत्नी बथशेबा हिच्याशी व्यभिचार केल्यावर नाथान संदेष्टा त्याला दोष दाखवायला आला, त्या प्रसंगाशी जोडलेले 51वे स्तोत्रही तसेच आहे. आपल्या अपराधाचा उल्लेख करण्याआधी दावीद दयेचा आधार घेतो. पहिल्याच वचनात मूळ हिब्रूमध्ये दयेच्या तीन छटा येतात: एक, नसलेल्या हक्काची कृपा, दुसरी ‘हेसेद’, म्हणजे कराराला जागणारे अढळ प्रेम, तिसरी ‘रहमीम’, हा शब्द गर्भाशयासाठी असलेल्या शब्दाशी नाते सांगतो, आणि मराठीत ‘वात्सल्य’ म्हटल्यावर जो ओलावा जाणवतो तो त्यात आहे. त्यानंतर पापासाठीही तीन वेगळे शब्द येतात. शब्दांची ही जुळणी मला फार मोलाची वाटते: पापाची जेवढी रूपे तेवढीच दयेचीही, आणि दया आधी उच्चारलेली.

प्रत्यक्षात हे असे करावे. 51, 103, 130 किंवा 136 यांपैकी एक स्तोत्र आठवडाभरासाठी निवडावे. रोज त्यातली दोन-तीन वचने मोठ्याने, सावकाश वाचावीत. 136व्या स्तोत्राच्या 26ही वचनांत देवाची दया सनातन असल्याचे ध्रुपद येते. ते कंटाळवाणे वाटेपर्यंत म्हणावे, कारण ते रचलेच आहे पुन्हा पुन्हा म्हणण्यासाठी. मग कालच्या दिवसातली एक नेमकी गोष्ट घेऊन आभार मानावेत. ‘सर्व आशीर्वादांबद्दल’ असे मोघम म्हणू नये. कोणी न मागता मदत केली, एक वाईट बातमी आली नाही, रागाच्या भरात लिहिलेला निरोप पाठवण्याआधी पुसावासा वाटला: असे काही. येशूसंघाचे संस्थापक इग्नेशियस लोयोला यांनी सोळाव्या शतकात रोजच्या आत्मपरीक्षणाचा जो क्रम घालून दिला त्यातही आभार पहिले येतात, मग प्रकाशाची विनंती आणि त्यानंतर दिवसाची झडती. या क्रमामागे माणसाच्या मनाची चांगली पारख आहे.

तिसरी पायरी: खरे बोलणे

ही पायरी सर्वांत अवघड आहे. 139व्या स्तोत्राच्या शेवटी ‘माझे अंतःकरण पारखून पाहा’ अशा अर्थाची विनंती आहे. तिच्यापासून सुरुवात करावी, कारण आपली झडती आपणच घेतली की काही कप्पे उघडायचे राहून जातात. मग जे आठवेल ते नाव घेऊन सांगावे.

एक उदाहरण घेऊ. समजा, आज बैठकीत सहकाऱ्याची चूक मी सगळ्यांसमोर काढली. माझी पहिली, सवयीची प्रार्थना अशी असेल: ‘प्रभू, आज माझ्याकडून काही कठोर शब्द गेले असतील तर क्षमा कर.’ या वाक्यात ‘असतील तर’ आहे, ‘माझ्याकडून गेले’ असा कर्ता लपवणारा प्रयोग आहे, आणि ‘काही’ आहे. दुसरा प्रयत्न: ‘प्रभू, मी त्याला सर्वांसमोर बोललो, पण तो नेहमीच हलगर्जीपणा करतो.’ हा पापांगीकार आहे खरा, पण त्याच्या पापाचा. तिसरा प्रयत्न: ‘प्रभू, मी अत्यंत नीच आहे, माझ्याइतका वाईट कोणी नाही.’ हे ऐकायला नम्र वाटते, पण यातही बैठकीचा उल्लेख गायब झाला. एवढ्या मोठ्या शब्दांआड ती लहानशी, नेमकी, लाजिरवाणी गोष्ट सुखरूप दडून बसली. आता चौथा: ‘प्रभू, मी त्याची चूक सर्वांसमोर काढली. एकट्याला गाठून सांगता आली असती. सर्वांनी मला हुशार म्हणावे म्हणून मी तसे केले. त्याचा चेहरा उतरला तेव्हा मला बरे वाटले.’ शेवटचे वाक्य उच्चारताना जीभ अडखळते. जेथे ती अडखळते तेथे थोडे थांबावे, बहुधा तेथेच काम असते.

यावरून तीन गोष्टी सांभाळाव्यात. कृती नेमकी सांगावी. ‘पण’ आणि ‘असेल तर’ हे शब्द गाळावेत. परिस्थिती देवाला ठाऊक आहे, ती सांगायचीच असेल तर नंतर, मदत मागताना सांगावी. आणि स्वतःला आहे त्याहून वाईट रंगवू नये, कारण फुगवून सांगणे हेही खोटेच आहे. 103व्या स्तोत्रात, बाप जसा मुलांवर ममता करतो तसा परमेश्वर करतो, असे सांगितल्यावर लगेच पुढचे कारण येते की आपली घडण तो जाणतो आणि आपण माती आहोत हे त्याच्या ध्यानात असते. मातीने आपण माती आहोत एवढेच म्हणावे.

या पायरीला वेळेची मर्यादाही घालावी. पाच मिनिटे बहुधा पुरतात. स्वतःला उकरत बसण्याचाही एक चस्का असतो. पवित्र आत्म्याने पापाची जाणीव करून देणे आणि मनातल्या दोषारोपाने छळणे यांतला फरक ओळखण्याची माझी साधी कसोटी अशी: जाणीव नेमकी असते आणि देवाकडे वळवते, दोषारोप मोघम असतो, ‘तू असाच आहेस’ म्हणतो, आणि देवापासून लपायला लावतो. पौलाने करिंथकरांस दुसऱ्या पत्रात (7:10) दोन प्रकारच्या दुःखांचा भेद केला आहे, त्यातले एक तारणाकडे नेणारा पश्चात्ताप घडवते आणि दुसरे मरणाकडे नेते. येशूला अटक झाली त्या रात्री त्याचा शिष्य पेत्र याने त्याला तीनदा नाकारले, दुसरा शिष्य यहूदा याने त्याला धरून दिले. दोघांनाही नंतर पस्तावा झाला. पेत्र रडला आणि उरलेल्या शिष्यांत टिकून राहिला. यहूदा चांदीची नाणी मंदिरात फेकून एकटाच निघून गेला.

चौथी पायरी: दया मागणे

आता मागावे, आणि आधार स्पष्ट ठेवावा. दानियेलाच्या 9व्या अध्यायातले 18वे वचन या बाबतीत आदर्श आहे. आम्ही आमच्या धार्मिकतेच्या नव्हे तर तुझ्या विपुल दयेच्या जोरावर विनवण्या करत आहोत, असा त्याचा आशय आहे. प्रार्थनेच्या शेवटी आपण ‘येशूच्या नावाने’ म्हणतो ते याच अर्थाने. सवयीने ते पत्राखालच्या सहीसारखे होऊन बसले आहे; प्रत्यक्षात ‘मी माझ्या नावावर आलेलो नाही’ असा त्याचा अर्थ आहे. इब्री लोकांस पत्राच्या 4थ्या अध्यायाचा शेवट कृपेच्या राजासनाजवळ धैर्याने जाण्यास सांगतो, आणि कारण देतो की आपल्या दुर्बलतेविषयी सहानुभूती असलेला, सर्व प्रकारे पारखला गेलेला आणि तरी निष्पाप राहिलेला प्रमुख याजक आपल्याला आहे. नम्र माणसाने धैर्याने जावे, यात विसंगती नाही. धैर्य स्वतःच्या योग्यतेवर उभे नसल्यामुळे ते योग्यता ढासळली तरी ढासळत नाही.

शब्द सुचत नसतील तर पौर्वात्य मंडळ्यांतली जुनी येशू-प्रार्थना उपयोगी पडते: ‘प्रभू येशू ख्रिस्ता, देवाच्या पुत्रा, मज पाप्यावर दया कर.’ तिच्यात जकातदार आणि तो आंधळा या दोघांच्या हाका एकत्र आलेल्या दिसतात. श्वास घेताना पहिला अर्धा भाग आणि सोडताना दुसरा, असे सावकाश दहा-पंधरा वेळा म्हणावे. ती मंत्रासारखी मोजत बसण्याची गोष्ट नाही. लक्ष भरकटले की परत येण्याची वाट आहे. लॅटिन उपासनेत शतकानुशतके ‘किरिये एलेइसोन’ (प्रभू, दया कर) हे ग्रीक शब्द तसेच राहिले. ती हाक दुसऱ्या भाषेत गेली तरी बदलावी असे कोणाला वाटले नाही, हे मला नेहमी मोठे सूचक वाटते.

पाचवी पायरी: मिळालेली क्षमा घेणे

बहुतेकांची प्रार्थना या पायरीच्या अलीकडेच संपते. क्षमा मागितली जाते, घेतली जात नाही. लूकच्या 15व्या अध्यायातला, वाटणी घेऊन घर सोडून ती उधळून बसलेला धाकटा मुलगा येथे नीट पाहावा. डुकरे चारताना शुद्धीवर आल्यावर तो बापासमोर करायचे निवेदन तयार करतो, आणि त्याचे तीन भाग आहेत: मी स्वर्गाविरुद्ध व तुमच्यासमोर पाप केले आहे, तुमचा मुलगा म्हणवून घ्यायला मी योग्य नाही, मला तुमच्या एका मोलकऱ्याप्रमाणे ठेवा. वाटेने त्याने ते घोकले असणार. बाप त्याला दुरून पाहतो, धावत येतो, गळ्यात पडतो. मुलगा बोलू लागतो, पहिला भाग होतो, दुसरा होतो, आणि तिसरा येतच नाही, कारण बाप तोवर झगा, अंगठी आणि पायतणे आणायला सांगत असतो.

पहिले दोन भाग खरे होते, म्हणून बापाने ते ऐकून घेतले. तिसरा भाग हा नम्रतेचा आव आणलेला सौदा होता: मुलगा म्हणून नको, मजुरी घेऊन राहतो, म्हणजे हिशेब चुकता होईल. आपल्या प्रार्थनेतही हा तिसरा भाग हमखास असतो. ‘प्रभू, या वेळी क्षमा कर, महिनाभर रोज पहाटे उठेन.’ पहाटे उठावे, अवश्य उठावे, पण क्षमेची किंमत म्हणून नव्हे.

म्हणून या पायरीवर मागणे थांबवावे आणि देवाचे वचन स्वतःला वाचून दाखवावे. योहानाच्या पहिल्या पत्रातले 1:9 त्यासाठी पुरेसे आहे. आपण पापे पदरी घेतली तर क्षमा करण्यास तो विश्वसनीय व न्यायी आहे, असे ते सांगते. ‘न्यायी’ हा शब्द मुद्दाम पाहावा. ख्रिस्ताने ऋण फेडले असल्यामुळे क्षमा करणे हे आता देवाच्या न्यायालाही धरून आहे. ती त्याच्या लहरीवर अवलंबून नाही. मग ‘प्रभू, तू क्षमा केलीस म्हणून मी तुझे आभार मानतो’ असे, मनाला तसे वाटत नसले तरी, मोठ्याने म्हणावे. भावना मागाहून येते, कधी दुसऱ्या दिवशी येते, कधी येतही नाही.

एखादे ओझे असे एकट्याने उतरत नसेल तर ते एकट्यानेच उतरवायचा हट्ट धरू नये. कॅथलिक आणि ऑर्थोडॉक्स परंपरेत धर्मगुरूसमोर पापनिवेदन करून क्षमेचे शब्द कानांनी ऐकायला मिळतात. अनेक प्रोटेस्टंट मंडळ्यांत उपासनेच्या वेळी पापांगीकारानंतर पाळक क्षमेचे आश्वासन उच्चारतात. आणि याकोबाचे पत्र (5:16) एकमेकांजवळ पापे कबूल करून एकमेकांसाठी प्रार्थना करण्यास सांगते. दुसऱ्याच्या तोंडून ‘तुला क्षमा आहे’ हे ऐकणे हा वेगळाच अनुभव असतो, आणि त्यासाठी लागणारी नम्रता एकांतातल्या नम्रतेपेक्षा जड असते.

सहावी पायरी: धीटपणे मागणे

दयेच्या अनुभवानंतर विनंत्या कराव्यात. नम्र माणसाने थोडेच मागावे, हा गैरसमज येथे आड येतो. उत्पत्तीच्या 18व्या अध्यायात अब्राहाम आपण केवळ धूळ व राख आहोत असे म्हणतो आणि त्याच दमात, देव नाश करणार असलेल्या सदोम नगरासाठी घासाघीस करतो: पन्नास नीतिमान असले तर, पंचेचाळीस, चाळीस, तीस, वीस, आणि शेवटी दहा. सहा वेळा! देव एकदाही त्याला थांबवत नाही. मत्तयाच्या 15व्या अध्यायातली, मुलीसाठी मदत मागणारी परकी कनानी स्त्री घरच्या कुत्र्यांनाही मेजावरून पडलेला चुरा मिळतो असे म्हणते, तेव्हा ती आपला दर्जा वाढवून सांगत नाही आणि दारही सोडत नाही. तिच्या विश्वासाला येशू मोठा म्हणतो.

मागताना इतरांची नावे आपल्या नावाच्या आधी घ्यावीत, एवढी एक सवय लावून घेतली तरी स्वर आपोआप बदलतो. आणि प्रत्येक विनंतीच्या शेवटी गेथशेमानेतल्या वाक्याला जागा ठेवावी: माझ्या इच्छेप्रमाणे नको, तर तुझ्या इच्छेप्रमाणे होऊ दे. हे वाक्य घाईने म्हणू नये. येशूनेही आधी ‘हा प्याला माझ्यावरून टळो’ असे स्पष्ट मागितले होते. मागणेच गाळून थेट शरणागतीवर उडी मारणे म्हणजे पुष्कळदा नकाराच्या भीतीने केलेली पळवाट असते.

सातवी पायरी: ऋणींचे ऋण

प्रभूच्या प्रार्थनेत ‘जसे आम्ही आपल्या ऋणींस ऋण सोडले आहे तशी तू आमची ऋणे आम्हांस सोड’ हे कलम आहे, आणि मत्तयाच्या अहवालात प्रार्थना संपल्यावर येशू एवढ्या एकाच कलमाचा पुन्हा खुलासा करतो. 18व्या अध्यायात तो आकड्यांत मांडला आहे. राजाने चाकराला दहा हजार तालांत सोडले. त्या चाकराने सोबत्याचे शंभर दीनार सोडले नाहीत. दीनार म्हणजे मजुराची एका दिवसाची मजुरी आणि एक तालांत म्हणजे सुमारे 6,000 दीनार. पहिले कर्ज त्यामुळे सहा कोटी दिवसांच्या मजुरीएवढे, दुसरे शंभर दिवसांच्या. म्हणजे सहा लाखांस एक. शंभर दिवसांची मजुरी हीही काही थोडी रक्कम नव्हे, हे विसरू नये. दुसऱ्याने आपल्याला दुखावले ते खरेच दुखते, आणि दाखला ते नाकारत नाही.

रोज एका व्यक्तीचे नाव घेऊन, ‘प्रभू, तो माझे जे देणे लागतो ते मी सोडतो’ असे म्हणावे. म्हणवत नसेल तर ‘मला सोडावेसे वाटत नाही, ती इच्छा दे’ असे म्हणावे. तीही खरी प्रार्थना आहे. येथे एक इशारा द्यावासा वाटतो. नम्रतेच्या आणि क्षमेच्या नावाखाली मारहाण किंवा छळ सोसत राहण्याचा सल्ला कधीकधी दिला जातो. तो चुकीचा आहे. ऋण सोडणे म्हणजे धोक्याच्या जागी परत जाणे नव्हे, आणि अन्यायाची तक्रार केल्याने क्षमा रद्द होत नाही.

उठताना

प्रार्थनेतून निदान एक लहान, लगेच करता येण्याजोगी कृती घेऊन उठावे. बैठकीतल्या त्या सहकाऱ्याला उद्या एकट्याला गाठून ‘काल मी चुकलो’ एवढे म्हणणे, आणि शक्य असल्यास ते बैठकीतही म्हणणे, कारण अपमान बैठकीत झाला होता. जकातदाराचे पुढे काय झाले हे दाखला सांगत नाही, पण लूकने पुढच्याच अध्यायात मुख्य जकातदार जक्कयाची हकिकत दिली आहे. तो अर्धे धन गरिबांना देतो आणि अन्यायाने घेतलेले चौपट परत करायला निघतो. मात्र येशू त्याच्या घरी उतरायला तयार झाला तो त्याआधीच, हा क्रम ध्यानात ठेवावा.

अडचणींविषयी

सर्वांत जास्त विचारली जाणारी अडचण म्हणजे तेच पाप पुन्हा घडणे. काल क्षमा मागितली, आज तेच. आता कोणत्या तोंडाने जायचे? या प्रश्नात ‘काल मी ज्या तोंडाने गेलो ते जरा बरे होते’ असे गृहीत धरलेले असते. ते तसे नव्हते. कालही आधार दयेचाच होता. पेत्राने सात वेळा क्षमा करण्याचा हिशेब मांडला तेव्हा येशूने त्याला साताच्या सत्तरपट सांगितले, आणि माणसाकडून जे मागितले ते देव स्वतः करणार नाही असे मानायला आधार नाही. त्याचबरोबर, तेच पाप वारंवार घडत असेल तर फक्त क्षमा मागून न थांबता ते केव्हा, कोठे आणि कशाच्या मागोमाग घडते हे पाहावे, आणि ती वाट बंद करण्यासाठी मदत मागावी.

काही जणांना क्षमा मिळाल्याची खात्री कधीच होत नाही. तेच पाप दिवसातून वीस वेळा कबूल केले तरी शंका परत येते. अशा वेळी अधिक पापांगीकाराने गुण येत नाही. अनुभवी धर्मगुरूने किंवा पाळकाने ‘हे एकदा सांगून झाले, पुन्हा सांगू नकोस’ असे सांगितले तर ते मानावे, आणि झोप, भूक, कामातला रस हेही गेले असेल तर डॉक्टरांना भेटावे. देवाची दया औषधातूनही पोहोचते.

प्रार्थना कोरडी वाटते अशा शुष्कतेच्या दिवसांसाठी उत्तर आफ्रिकेतल्या हिप्पो शहराचे बिशप ऑगस्टीन यांची अखेर मला आठवते. इसवी सन 430 मध्ये शहराला वँडल सैन्याचा वेढा पडलेला असताना ते अंथरुणाला खिळले होते. दाविदाची पश्चात्तापाची मोजकी स्तोत्रे त्यांनी लिहून घेऊन समोरच्या भिंतीवर लावली होती आणि ते ती पडल्यापडल्या वाचत असत, अशी नोंद त्यांचे सहवासी पॉसिडियस यांनी केली आहे. अवघे आयुष्य ज्यांनी देवाविषयी लिहिण्यात घालवले त्यांनी शेवटी स्वतःचे शब्द बाजूला ठेवून दुसऱ्याचे घेतले. आपल्यालाही शब्द सापडत नाहीत अशा रात्री हेच करता येते. 130वे स्तोत्र आठच वचनांचे आहे. ते एका कागदावर मोठ्या अक्षरांत लिहून बिछान्यातून दिसेल अशा जागी लावावे. तेही वाचवले नाही, तर जकातदाराचे ते एक वाक्य म्हणावे आणि दिवा मालवावा.